मीठ कुठं घालायचं?

 पीठ मळत असाल तर मळत राहा, कान तेवढे इकडं द्या. आज हप्त्याचं बोलायचं नाही, व्याजाचंही नाही. आज आइस्क्रीमचं बोलायचंय. हसू नका, कामाचं आहे.

मे महिन्यात आमच्या गटाची बैठक झाली. पैसे मोजून झाले, वहीवर सह्या झाल्या, बाया उठल्या आणि एक वहिनी मागं रेंगाळली. ती अजून अंगठाच उठवते. म्हणाली, "ताई, शाळेतनं निरोप आलाय. पोरगं पाचवीत चाललं तरी वाचताना अडखळतंय, लिवायचं म्हटलं की पळून जातंय. सुट्टीत घरी सराव घ्या म्हणत्यात. मला अंगठ्याबिगर काय येतंय? मी कसला सराव घेऊ?"

माझ्याकडं उत्तर नव्हतं. बी.ए. झालेली आहे मी, तरी नव्हतं. "बघू काहीतरी," एवढंच म्हणाले. ते काहीतरी म्हणजे आइस्क्रीम निघालं, आणि तेही सरळ नाही. एक लिटर दूध वाया घालवून निघालं. तेही सांगणार आहे.

आधी कृती सांगते. यंत्र लागत नाही, फ्रिज लागत नाही, वीज गेली तरी अडत नाही. जत्रेत लाकडी बादलीतलं, दांडा फिरवून केलेलं पॉटचं आइस्क्रीम तुम्ही खाल्लं असेल. तसल्या दांड्याच्या भांड्याचं पेटंट अमेरिकेत नॅन्सी जॉन्सन नावाच्या बाईनं १८४३ साली घेतलं होतं. आपल्याला तेही नको. आपल्याकडं कडीचा डबा आहे.

बारा-पंधरा पोरांसाठी एक लिटर म्हशीचं दूध घ्या. त्यातलं अर्धी वाटी गार दूध बाजूला काढून त्यात दोन मोठे चमचे कस्टर्ड पावडर कालवा. बाकीचं दूध उकळा, थोडं आटू द्या, पाऊण वाटी साखर घाला, कालवलेली पावडर घालून ढवळत राहा. दाटसर झालं की उतरवा आणि पूर्ण गार करा. गरम दूध डब्यात घातलं तर सगळा बर्फ दूध गार करण्यातच संपेल. हे दूध घट्ट झाकणाच्या कडीच्या डब्यात ओता, पण डबा पाऊणच भरा. आता मोठी बादली घ्या. पाच-सहा किलो बर्फ पोत्यात घालून बडवून बारीक करा, दीड-दोन किलो जाडं मीठ घ्या. बादलीत बर्फाचा थर, त्यावर मिठाचा थर, मधे डबा, भोवती पुन्हा बर्फ आणि मीठ. आता कडी धरून डबा उलटसुलट फिरवत राहायचं. दर पाच मिनिटांनी झाकण कोरड्या फडक्यानं नीट पुसायचं, उघडायचं, आणि कडेला चिकटलेलं दूध उलथन्यानं खरवडून मधे आणायचं. अर्ध्या-पाऊण तासात मऊ आइस्क्रीम होतं. आणखी घट्ट हवं तर बादलीतलं पाणी थोडं काढा, बर्फ-मीठ वाढवा आणि वर पोतं टाकून तासभर तसंच ठेवा.

दोन गोष्टी सांभाळा. तालुक्याहून आणलेली बर्फाची लादी बाहेरून गार करायला आहे, चोखायला नाही. पोरं हमखास तुकडा तोंडात टाकतात. आणि मीठ घातलेल्या बर्फात हात घालून ठेवू देऊ नका. भाजल्यासारखी कातडी होते, खरंच होते. डबा फडक्यानं धरायचा.

आम्हाला सगळं मिळून दोनशे रुपयांच्या आत पडलं. आता यातली शाळा कुठं आहे ते बघू.

मी पोरांना सुरुवातीलाच एक घोळ घातला. दोन छोट्या डब्यांत थोडं थोडं दूध घातलं. एक डबा नुसत्या बर्फात ठेवला, एक मीठ घातलेल्या बर्फात. विचारलं, "कुठलं आधी गोठेल?" बहुतेकांनी नुसता बर्फ सांगितला. त्यांचं म्हणणं, मिठानं बर्फ वितळतोय, म्हणजे बर्फ कमी होतोय, मग गारवापण कमीच होणार. पटण्यासारखं आहे की नाही? मलाही लहानपणी कुणी विचारलं असतं तर मी हेच सांगितलं असतं.

वीस मिनिटांनी नुसत्या बर्फातलं दूध गारेगार होतं, पण पातळच. मिठाच्या बर्फातलं कडेनं घट्ट धरलं होतं.

का? बर्फ वितळायला ऊब लागते. किती लागते ते ऐका. एक किलो बर्फाचं नुसतं पाणी व्हायला जेवढी उष्णता लागते, तेवढ्या उष्णतेत एक लिटर बर्फगार पाणी ८० अंशांपर्यंत तापेल. चूल पेटवलेली नाही, मग ही उष्णता बर्फ आणतो कुठून? शेजाऱ्याकडून. डब्यातल्या दुधाकडून, बादलीकडून, भोवतीच्या हवेकडून. दुधाची ऊब बर्फ काढून घेतो म्हणून दूध गार होतं. आपण म्हणतो बर्फानं दुधाला गारवा दिला. खरं उलटं आहे. देतं दूध, घेतो बर्फ.

पण नुसता बर्फ शून्य अंशाला वितळतो आणि त्याच्या खाली जात नाही. साखर घातलेलं दूध मात्र शून्याला गोठत नाही, त्याला आणखी खाली जावं लागतं. म्हणून नुसत्या बर्फात दूध कितीही वेळ ठेवा, त्याचं आइस्क्रीम होणार नाही. इथं मीठ कामाला येतं. पाणी गोठतं म्हणजे काय होतं? पाण्याचे बारीक कण पंगतीला बसल्यासारखे ओळीत बसतात. पंगत बसायला लागली आणि मधेच चार द्वाड पोरं येऊन घुसली तर पंगत बसेल का? मिठाचे कण तसे मधे येतात. वितळलेल्या पाण्याला पुन्हा बर्फ होऊन बसता येत नाही. बर्फ मात्र वितळत राहतो, आणि वितळताना आजूबाजूची ऊब ओढत राहतो. सगळं मिळून शून्याच्या खूप खाली जातं. मीठ-बर्फाचं मिश्रण अगदी नीट जमलं तर उणे २१ अंशांपर्यंत जाऊ शकतं. आपल्या बादलीत तेवढं होत नाही, पण उणे दहाच्या पुढं सहज जातं.

आम्ही हायस्कूलमधून काचेचा थर्मामीटर मागून आणला होता. त्याचे आकडे खाली उणे १० पर्यंतच होते. तो बादलीत घातला तर रेघ सगळ्यात खालच्या आकड्याच्याही खाली उतरली. पोरांनी आरडाओरडा केला की मोडला, मोडला! मोडला नव्हता, पट्टी संपली होती.

मग प्रश्न आला, शून्याच्या खाली आणखी काय असतं? शून्य म्हणजे काहीच नाही, मग काहीच नाहीच्या खाली काय? मी काही बोलायच्या आत ती वहिनी म्हणाली, "उधारी." सगळ्या बाया हसल्या. पण बरोबर होतं. खिशात शून्य रुपये आहेत आणि दुकानदाराचे दहा द्यायचे आहेत, म्हणजे उणे दहा. अंगठा उठवणाऱ्या बाईनं उणे संख्या एका शब्दात शिकवली. मी घोकून पाठ केल्या होत्या.

बायांनो, आणखी एक गंमत सांगते. नर्सबाई ताप बघून म्हणतात ना, १०१ आहे, १०२ आहे? ते माप फॅरनहाइट नावाच्या माणसाचं. त्यानं १७२४ साली लिहून ठेवलंय की त्याच्या मापाचा शून्य त्यानं बर्फ, पाणी आणि नवसागराच्या मिश्रणावरून धरला. नवसागर म्हणजे भांड्याला कल्हई करताना कल्हईवाला वापरतो तोच. म्हणजे तुमच्या लेकराचा ताप ज्या पट्टीनं मोजतात, ती पट्टी आपल्या बादलीसारख्याच एका बादलीतून सुरू झालेली आहे.

आता भाषेचं. मला स्वतःला इथं सगळ्यात जास्त मजा आली.

बादलीकडं बघत एक पोरगी म्हणाली, "मीठ वितळलं." दुसरा म्हणाला, "बर्फ इरघळला." दोघंही चुकले होते, पण मी चूक म्हटलं नाही. मी बायांना विचारलं, चिक्की करताना गुळाचं काय होतं? "इतळतो." आणि चहात घातला की? "इरघळतो." एकच गूळ, शब्द दोन. का? पोरं गप्प बसली. बायाही थांबल्या. रोज वापरतात, पण का म्हणून कुणी कधी विचारलं नव्हतं. मग एका म्हातारीनं सांगितलं, "कढईत गूळ एकटाच असतो. चहात त्याला पाण्याची सोबत असते."

याहून सोपं कुणी सांगितलेलं मी ऐकलेलं नाही. वितळायला ऊब लागते. विरघळायला दुसरा कुणीतरी लागतो, ज्याच्यात मिसळून दिसेनासं व्हायचं. आमच्या बादलीत दोन्ही एकाच वेळी चाललं होतं. बर्फ वितळत होता, आणि त्या पाण्यात मीठ विरघळत होतं. पाचवी-सहावीच्या पुस्तकात पुढं "द्रावण" हा शब्द येतो तेव्हा पोरं तो पाठ करतात. ज्या पोरानं वितळणं आणि विरघळणं यातला फरक एकदा धरला, त्याला द्रावण पाठ करावं लागत नाही.

मग आम्ही शब्द गोळा करायला बसलो. मोठ्या कागदावर मी लिहीत होते, बाया सांगत होत्या. दूध तापतं, उतू जातं, आटतं. पिठलं आळतं. तूप थिजतं. दही लागतं. पाणी गोठतं. माठ पाझरतो. भाजी निथळत ठेवतात. भिंतीला ओल येते. थंडीत हात गारठतात. पंधरा मिनिटांत तीस-बत्तीस शब्द झाले, आणि त्यातले निम्मे पोरांना माहीत नव्हते. शाळेतली पोरं एवढंच म्हणतात, "घट्ट झालं", "पातळ झालं", "मेल्ट झालं." आईकडं एवढे शब्द आहेत आणि पोराकडं तीन, याचा दोष मी पोराला देत नाही. आपण चुलीपाशी त्यांच्याशी बोलतोच किती? "सरक, भाजशील," एवढंच.

आणि हो, पोरगं "इरघळलं" म्हणालं तर त्याला टोकू नका. घरचा शब्द घरचा आहे. कागदावर मी दोन्ही लिहिले, "इरघळलं" आणि शेजारी "विरघळलं". वाचताना पोरांनीच सांगितलं की वहीत असं लिहितात आणि घरात असं बोलतात. एवढं पुरे.

तेवढ्यात बादलीला बाहेरून पाणी सुटलं. आमची पत्र्याची बादली, पोरं म्हणाली गळतेय. मी म्हटलं, गळत असेल तर आतलं पाणी बाहेर येतंय, आणि आतलं पाणी कसं आहे? खारट. मग बाहेरचा ओघळ चमच्यावर घेऊन चाखा. चाखला. खारट नव्हता. मग हे पाणी आलं कुठून? बराच वाद झाला. शेवटी माठाची गोष्ट निघाली. माठाच्या बाहेरचं पाणी आतूनच आलेलं असतं, पाझरून. ते उडून जाताना माठाची ऊब नेतं, म्हणून पाणी गार. बादलीच्या बाहेरचं पाणी मात्र हवेतलं. हवेत पाण्याची वाफ असते, दिसत नाही, गार पत्र्याला लागली की तिचे थेंब होतात. दिसायला दोन्ही भांडी ओली, कारण वेगळं. एकाला आपण पाझर म्हणतो, दुसऱ्याला घाम. पाठ्यपुस्तकात दुसऱ्याला संघनन म्हणतात. आपला घाम मात्र आतून येतो, तेव्हा हा शब्द इथं थोडा फसवा आहे, असं एका सातवीतल्या पोरीनं सांगितलं. मला ते सुचलं नव्हतं.

घोंगडीचा प्रयोग तर जरूर करा, त्याला आइस्क्रीमचीही गरज नाही. सारखे दोन बर्फाचे तुकडे घ्या. एक ताटलीत उघडा ठेवा, एक घोंगडीत गुंडाळा. दोन्ही सावलीत. आधी विचारा, कुठला लवकर वितळेल? आमच्या माणदेशात घोंगडी घराघरात, आणि घोंगडी म्हणजे ऊब, म्हणून सगळ्यांनी हात वर केले की घोंगडीतला. मी प्रत्येकाला पूर्ण वाक्य बोलायला लावलं: "मला वाटतं की... कारण..." तासाभरानं सोडून पाहिलं तर उघड्यावरचा जवळपास संपला होता आणि घोंगडीतला चांगला मोठा उरला होता. घोंगडी ऊब देत नाहीच. ती ऊब अडवते. आपल्या अंगाची बाहेर जाऊ देत नाही, आणि बाहेरची बर्फाकडं जाऊ देत नाही. याच हिशोबानं १८३३ साली अमेरिकेतल्या बोस्टनहून लाकडाच्या भुशात भरलेला बर्फ जहाजानं कलकत्त्याला आला होता. चार महिन्यांचा प्रवास, तोही उष्ण समुद्रातून, तरी निम्म्याहून जास्त बर्फ शिल्लक होता. पुढं मुंबईलाही असा बर्फ यायचा.

मग दुसरं वाक्य: "मला वाटलं होतं की... पण..." पोरांना हे वाक्य बोलायला फार जड जातं. आपण चुकलो हे सांगायचं असतं ना त्यात. मोठ्यांनाही जातं. पहिली दोघं-तिघं लाजली, मग चढाओढ लागली. जो जास्त चुकला त्याचं वाक्य जास्त लांब. वाचनात मागं असलेला आमचा तो मुलगा तोवर गप्प होता. त्यानं सांगितलं, "मला वाटलं होतं घोंगडीत बर्फ मरंल, पण घोंगडीनं त्याला राखला." त्याची आई डबा फिरवत होती. तिचा हात थांबला.

त्या दिवशी आइस्क्रीम छान झालं. थोडे खडे राहिले, कारण खाण्याच्या घाईत आम्ही शेवटी खरवडलं नाही. दूध न हलवता गोठलं की बर्फाचे मोठे खडे होतात. हलवत राहिलं की खडे बारीक राहतात आणि मधे हवा शिरते, म्हणून आइस्क्रीम मऊ. कुल्फी हलवत नाहीत, म्हणून ती घट्ट.

आता वाया गेलेल्या दुधाचं.

मी पोरांना सांगितलं होतं, आज जे केलं त्याची कृती लिहा. पुढच्या आठवड्यात ती वाचून शेजारच्या वस्तीवरची पोरं आइस्क्रीम करतील. मोठ्यांनी मधे बोलायचं नाही, कागदावर असेल तेवढंच करायचं. लिहायला कोण? तोच मुलगा पुढं आला. मला एवढा आनंद झाला की मी कागद नीट वाचलाच नाही. त्यानं लिहिलं होतं: "दूध गार करा. डब्यात घाला. बर्फ घाला. मीठ घाला. फिरवा."

पुढच्या आठवड्यात मला बँकेत वेळ लागला, पोचायला उशीर झाला. तोवर त्या पोरांनी कागदाबरहुकूम केलं होतं. डब्यात दूध, त्याच दुधात बर्फ, त्यावर मूठ मूठ मीठ, आणि इमानदारीत फिरवत बसली होती.

दूध एका ताईंचं होतं. डेअरीला घालायच्या दुधातलं त्यांनी काढून दिलं होतं. त्या फार बोलल्या. "शाळा शाळा करता आणि एक लिटर दूध मातीत घालवता. आमच्याकडं काय धार आपोआप येती?" खरंच होतं त्यांचं. मोठ्यांनी बोलायचं नाही हा नियम माझा, आणि हजर नसलेली मीच. पैसे मी दिले. पण बोलणं त्या पोराच्या कानावर गेलं, आणि तो जो पळाला तो दोन दिवस दिसला नाही. वहिनी भेटली तर डोळे पुसत म्हणाली, "ताई, नका आता लिवायला लावू त्याला. लोकं हसत्यात."

तिसऱ्या दिवशी मी त्यांच्या घरी गेले. उपदेश केला नाही. कागद तेवढा नेला होता. म्हटलं, "तू लिहिलेलं एकही अक्षर त्यांना अडलं नाही. सगळं वाचता आलं, सगळं तसंच केलं. मग बिघडलं कुठं?" तो बराच वेळ कागदाकडं बघत राहिला. मग त्याची आई चुलीपासून म्हणाली, "मीठ घाला, पण कुठं घाला? मी तुला म्हटलं, जा, पाणी ओत, तर तू विचारशीलच ना कुठं ओतू?"

त्यानं पेन्सिल घेतली. त्या दिवशी मला कळलं की लिहिणं बोलण्याहून अवघड का असतं. बोलताना समोरचा विचारतो, आपण हात करून दाखवतो. कागदाला कुणी विचारू शकत नाही, म्हणून समोरच्याचे प्रश्न आधीच आपण विचारून ठेवावे लागतात. कुठं? किती? कशानं? कधीपर्यंत? आईनं प्रत्येक ओळीला प्रश्न विचारला, त्यानं उत्तर लिहिलं. पाच ओळींच्या सतरा झाल्या. बाई, अक्षरओळख नसताना तिनं जो सराव घेतला, तो मला जमला नसता, कारण मी स्पेलिंग तपासत बसले असते. म्हणजे र्‍हस्व-दीर्घ हो!

तुम्हीही एवढंच करा. पोरगं वाचून दाखवतंय, तुम्हाला वाचता येत नाही, हरकत नाही. त्यानं वाचलेलं तुम्ही डोळ्यांपुढं करून बघा आणि जिथं अडेल तिथं विचारा. भाकरीची कृती लिहू दे, शेळीला पाला घालायची लिहू दे. एकानं लिहायचं, दुसऱ्यानं फक्त वाचून करायचं. मात्र पहिल्यांदा दूध वापरू नका. पाणी, माती, पाला असल्या गोष्टींवर करा, हे माझं शहाणपण एक लिटरचं आहे.

घरातल्या वस्तूंवर पोरांना शिकवायचं, हे काही माझं डोकं नाही. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ पासून बोर्डीला गावातल्या आणि पाड्यांवरच्या मुलांना शिंपले, बिया, पानं घेऊन शिकवलं. महागडी साधनं परवडणारी नव्हती. अंगणवाडी हा शब्दही त्यांच्याच कामातून आलेला.

तर पुन्हा आइस्क्रीम झालं. या वेळी दूध चार घरांतून वाटी-वाटी गोळा केलं, आणि पहिली वाटी त्या रागावलेल्या ताईंनीच दिली. वस्तीवरची एक मुलगी मोठ्यानं कृती वाचत होती, बाकीची करत होती. सातवी ओळ अशी होती: "मीठ बाहेरच्या बादलीतल्या बर्फावर टाका. दुधात टाकू नका." ती दोनदा वाचली गेली. तो मुलगा दाराआड उभा राहून ऐकत होता.

राहिलं एक, बादलीतलं खारं पाणी. ते झाडाच्या बुडाशी ओतू नका, झाड जळेल. आमच्या इथं एकीनं कढीपत्त्याला ओतलं, त्याची पानं गळाली. ते पाणी दोन-तीन मोठ्या ताटांत पातळ पसरून उन्हात ठेवा, वर जुनी साडी बांधा. मे महिन्यात दोन-चार दिवसांत पाणी उडून जातं आणि ताटात मीठ उरतं. कोकणात मिठागरात समुद्राच्या पाण्याचं असंच करतात. पोरांना रोज बघून एक ओळ लिहायला सांगा. आमच्याकडच्या वहीत पहिल्या दिवशी आहे, "पाणी आहे." दुसऱ्या दिवशी, "कडेला पांढरं आलं." चौथ्या दिवशी, "इरघळलेलं मीठ परत आलं. बर्फ परत आला नाही."

ते मीठ मळकं असतं, भाजीत वापरू नका. पुढच्या खेपेला बर्फावर टाकायला डब्यात भरून ठेवा आणि डब्यावर चिठ्ठी लावा. आमच्या डब्यावरची चिठ्ठी त्याच मुलानं लिहिली आहे: "आइस्क्रीमचं मीठ. खायचं नाही. बरफावर टाकायचं, बादलीत, डब्याच्या बाहेर."